तळ्यावर बसणारा राजा

हं, पडा आधी गुपचूप. शिरू, लाथा मारणं बंद कर. यमे, त्याचं पांघरूण सोड. पडलात? मग ऐका.

एक होता राजा. शहाणाबिहाणा मुळीच नव्हता, हे आधीच सांगून ठेवते. मागाहून "आजी, तो असा का वागला" म्हणून मला भंडावून सोडायचं नाही. त्याच्या गावात एक भलंमोठं तळं होतं, कमळांनी भरलेलं. भिवरा नावाची एक बाई तिथं गावच्या पोराटोरांना पोहायला शिकवायची. पाठीला दोन वाळके भोपळे बांधायची आणि द्यायची पाण्यात ढकलून. चार दिवसांनी एक भोपळा काढायची, आणखी चार दिवसांनी दुसरा. झालं पोर तयार! अख्ख्या गावात पोहता येत नव्हतं ते फक्त एका मोठ्या माणसाला. कुणाला? राजाला! लहानपणी भोपळे बघून जो पळाला, तो परत पाण्याकडे फिरकलाच नाही.

दर वर्षी वसंताच्या उत्सवात तळ्यावर पाण्याचे खेळ व्हायचे, बरं का. कुणी उंचावरून सूर मारायचं. कुणी उताणं तरंगत विडा चघळायचं. आणि भिवरा पाण्यावर मांडी घालून फुलांची वेणी गुंफायची. लोक टाळ्या वाजवून हात लाल करायचे. राजाला काही ते बघवेना. मी राजा असून काठावर, आणि टाळ्या हिला!

मग त्यानं पोहायला शिकावं की नाही? छे! भिवरेला बोलावलं आणि म्हणाला, "मला पाण्यावर बसायचंय. पण ते शिकणंबिकणं नको."

"भोपळे बांधले तर आठ दिवसांचं काम आहे, महाराज," भिवरा म्हणाली.

"राजाच्या पाठीला भोपळा? लोक हसतील मला!"

आता राजाशी कोण वाद घालणार? मग उत्सवाच्या दिवशी भिवरेनं आणि तिच्या तीन भावांनी पाण्याखाली एक फळी धरली. तोंडात कमळाचे पोकळ देठ धरले आणि त्यांतून श्वास घेत राहिले. फळीवर राजेसाहेब, जरीचा अंगरखा घालून, मांडी ठोकून! काठावरून बघणाऱ्याला वाटावं, राजा नुसत्या पाण्यावर बसलाय. लोकांनी जयजयकार केला. भाट म्हणाले, ही सगळी महाराजांची पुण्याई. आणि खाली चौघांचे हात भरून आलेले, त्यांना कुणी विचारलंसुद्धा नाही.

आता त्या तळ्याच्या तळाशी राहायची एक आसरा. आसरा म्हणजे पाण्याची मालकीण. स्वभावानं आधीच तिरसट, शंभर वर्षांत एकदाही हसली नव्हती. तिला हे सोंग मुळीच आवडलं नाही. तिनं खालून हात घातला आणि राजाची एक मोजडी ओढून नेली. तिला वाटलं, आता समजेल त्याला. राजा काय म्हणाला, ठाऊक आहे? "पाहिलंत, तळ्यानं माझी मोजडी पूजेला ठेवून घेतली!" आणि उरलेल्या मोजडीची पालखीतून मिरवणूक काढली. एका मोजडीची! काय म्हणावं या माणसाला.

दुसऱ्या वर्षी आसरेनं शेला ओढला. चांगला हिसका देऊन ओढला. राजा पडता पडता वाचला. आता तरी समजावं? तर नाही. "तळ्यानं माझा शेला मागून घेतला!" म्हणत घरी आला. ऐकून ऐकून आता त्याचं त्यालाच खरं वाटायला लागलं होतं. मग त्यानं दवंडी पिटवली, "यापुढे महाराजांशिवाय तळ्यात कुणी उतरायचं नाही." भिवरेचे भोपळे खुंटीवर गेले. लहान पोरं शिकायची राहिली. आणि फळी धरायला मात्र भिवराच हवी!

मग तिसरं वर्ष आलं. राजाला एक मुलगी होती, शेवंती. सहा वर्षांची, यमे, तुझ्याएवढी. उत्सवाच्या सकाळी काठावर गर्दी जमत होती, तेवढ्यात शेवंती पायऱ्या उतरून गेली. म्हणाली, "मी आबांची लेक. मलाही बसता येणार!" मांडी घातली आणि बसली पाण्यावर. बसली कसली, बुडाली.

काठावर दोनशे माणसं होती. दोनशेंना पोहता येत होतं, ऐकताय ना? पण एकानं उडी मारली नाही! "महाराज आहेत ना, महाराज आणतील तिला," म्हणून सगळे आपले हात जोडून उभे. मला तर सांगतानासुद्धा चीड येते. आणि महाराज? ते पायरीवर एक पाऊल पुढे टाकत होते आणि दोन मागे.

भिवरेनं कुणाकडे बघितलं नाही. पदर खोचला आणि मारला सूर. खाली जाऊन बघते तर आसरेनं शेवंतीला मांडीवर घेतलेलं, तिच्या तोंडाभोवती घागरीएवढा हवेचा बुडबुडा केलेला. पोर सुखरूप होती. पण आसरा गुरगुरली, "हिच्या बापानं खोटं सांगितलं म्हणून ही बुडाली. त्यालाच यायला सांग. बुडबुडा फुटायच्या आत आला तर देईन. नाहीतर नाही."

भिवरा वर आली. "महाराज, पोर जिवंत आहे. पण तुम्हालाच पाण्यात यायला हवं. चला लवकर!"

राजानं एकदा लोकांकडे बघितलं, एकदा पाण्याकडे. मग रडतच ओरडला, "मला पोहता येत नाही! पुण्याई नव्हती, खाली फळी होती! भिवरे, ते भोपळे आण!"

भिवरेच्या एका भावानं धावत भोपळे आणले. राजानं मुकुट फेकला, अंगरखा फेकला. भिवरेनं दोन भोपळे त्याच्या पाठीला आवळले आणि दिला त्याला ढकलून. राजा हातपाय झाडतोय, पाणी पितोय, भोपळे वर आणि तोंड खाली! पण मागं फिरला नाही हो. "शेवंती, शेवंती" करत तळ्याच्या मधोमध गेला.

खालून आसरेनं ते ध्यान बघितलं आणि तिला हसू फुटलं. शंभर वर्षांचं साठलेलं हसू! सगळं तळं उकळल्यासारखं बुडबुडलं, आणि त्या हसण्याबरोबर शेवंती वर आली ती थेट बापाच्या हातांत.

ती खोकली, डोळे पुसले आणि म्हणाली, "आबा, तुम्हाला येत नव्हतं, तर मला सांगितलं का नाहीत?"

राजानं तिला छातीशी धरलं आणि मान खाली घातली. नाकातोंडात पाणी गेलं होतं म्हणून नव्हे, बरं का.

त्याच दिवशी राजानं तळं सगळ्यांना मोकळं केलं. दुसऱ्या दिवसापासून बाप आणि लेक दोघंही भोपळे बांधून शिकायला यायला लागले. शेवंतीचे भोपळे आठ दिवसांत सुटले. राजाचा दुसरा भोपळा काही दिवाळीपर्यंत सुटेना. लोक पोट धरून हसायचे, राजाही हसायचा. शेवंती सुखात, राजा सुखात, आसरा सुखात. भिवरा मात्र त्याला शिकवता शिकवता टेकीला आली. तुम्हाला झोपवताना मी येते ना, अगदी तशी.

झोपा आता. शिरू, पाय! अंथरूण आहे हे, तळं नाही.