उलटवाऱ्याची सकाळ

त्या मुलखात टिटवीचं बोलणं कुणीच खरं मानत नसे. ती ओरडली की काहीतरी वाईट होणार, एवढं म्हणायचं आणि मान खाली घालून चरत राहायचं. ती काय ओरडते ते मात्र ऐकायचं नाही.

कुरण खोलगट होतं. वरच्या अंगाला मोठं तळं, मध्ये मातीचा बांध. मुलखाचा प्रमुख रेडा रोज त्या बांधावर शिंगं घासायचा. मोठ्याची खाज; बोलणार कोण?

कित्येक वर्षांतून एकदा तिथे उलटवारा सुटे. तेवढ्या वेळात आवाज आधी यायचा आणि घडायचं ते मागून. सकाळी फांदी मोडल्याचं ऐकू आलं तर दुपारी फांदी मोडायची. पण ऐकायला गप्प बसावं लागे, आणि बाकीच्यांच्या तोंडात सदा चारा.

त्या सकाळी उलटवारा सुटला. टिटवीची चार अंडी उघड्या जमिनीवर होती, त्याच दिवशी फुटायची होती. पिलांची चिवचिव आधीच कानावर पडेल म्हणून ती अंड्यांपाशी वाकली. आतून काहीच आलं नाही. बांधाकडून मात्र लोंढ्याचा आवाज आला.

ती ओरडत सुटली. "रेडेआबा, बांध फुटतोय! सगळ्यांना टेकडीवर न्या!"

"सकाळी सकाळी तोंड उघडलंस का?" रेडा म्हणाला. "बांध आहे तिथंच आहे की."

"मग निदान माझी अंडी तरी उचलू लागा."

"अगं बाई, अंड्यांसाठी चाललंय होय हे!" कोल्हा म्हणाला, आणि सगळं कुरण हसलं.

टिटवीने एकदा अंड्यांकडे पाहिलं. दुसरी कुणी असती तर त्यांच्यावर पंख पसरून बसली असती. हिने रेड्याच्या कपाळावर अशी चोच मारली की रक्त आलं. मग पंख मोडल्याचं सोंग करून ती टेकडीकडे फरफटत निघाली. टिटव्या हे सोंग अंडी वाचवायला करतात. हिने ते अंडी मागे टाकून केलं.

रेडा चवताळून मागे धावला. रेडा धावला म्हणून सगळे धावले. कुठे आणि का, ते कुणी विचारलं नाही. रेड्याचं शिंग पोचायचं, तेवढ्यात ती हातभर पुढे. दुपारपर्यंत तिने असं अख्खं कुरण टेकडीवर चढवलं.

शेवटचा ससा वर पोचला आणि बांध फुटला. लोंढा आला तो मुका. त्याचा आवाज सकाळीच येऊन गेला होता.

टिटवी उडाली. पंख धड होता. अंडी होती त्या जागेवर, पाण्यावरून ती घिरट्या घालत राहिली. आता ओरडली नाही.

टेकडीवर कोरड्या पायांनी सभा भरली.

"आधी काय झालं?" रेड्याने विचारलं.

"टिटवी ओरडली, आबा," कोल्हा म्हणाला.

"आणि पाणी?"

"ते नंतर आलं."

"मग झालं तर!"

कुणाला शंका उरली नाही. पुढच्यांनाही कळावं म्हणून, बांधाची ओली माती लागलेल्या शिंगाने रेड्याने तिथल्या खडकावर गुन्हेगाराचं नाव कोरलं: टिटवी.