मडकंभर सराई

"सराईतली गंमत मडक्यात भरून उद्या दरबारात हजर कर! नाहीतर सराई पाडून तिथे हत्तीखाना बांधू!"

चोपदाराने भुजंगराव महाराजांचा हुकूम सुनावला तेव्हा ठकू भाकरी थापत होती. भाकरी तिच्या हातातच राहिली.

महाराजांचं दुखणं वेगळंच होतं. त्यांच्या दरबारात लोक बोलावल्याशिवाय फिरकत नसत, आणि आले तरी जांभया दाबत बसत. घाटाच्या पायथ्याला ठकूच्या सराईत मात्र पाय ठेवायला जागा नसे! मीठ घेऊन वर चढणारे आणि गूळ घेऊन खाली उतरणारे गाडीवान तिथेच बैल सोडत. पिठलं-भाकरी, वर ताडीचा पेला, की गप्पांना ऊत! कुणाची म्हैस कुणाच्या मळ्यात शिरली, कोणत्या पाटलाला बायकोने घराबाहेर काढलं, सगळी खबर आधी सराईला, मग गावाला.

"असं आहे तरी काय तिथे?" महाराजांनी एकदा विचारलं होतं.

"नुसती गंमत, महाराज," कारभारी नारोपंतांनी नाक मुरडलं.

"मग ती इकडे मागवा!"

झालं! नारोपंतांनी लगेच चोपदार पिटाळला.

"ताडीच घेऊन जा की मडकंभर," भिवा गाडीवान म्हणाला.

"महाराजांकडे काय दारूचा तोटा आहे?" ठकू म्हणाली.

"मग मलाच कोंब मडक्यात!" ढेरपोट्या शाहीर म्हणाला आणि सगळी सराई खोखो हसली. ठकूही हसली. पण नवरा गेल्यापासून ही सराईच तिचं सासर आणि हीच तिचं माहेर. चुलीचा धूर होता म्हणून बरं, डोळे का भरले ते कुणी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी तोंडाला फडकं बांधलेलं मडकं कडेवर घेऊन ती दरबारात उभी राहिली. महाराजांनी घाईघाईने फडकं सोडलं, आत डोकावले आणि कडाडले, "हे तर रिकामं आहे!"

"घरून निघाले तेव्हा काठोकाठ होतं, महाराज! वेशीवर शिपाई म्हणाला, मोठ्याने बोलू नकोस. थोडी गंमत तिथे सांडली. देवडीवर चोपदार म्हणाला, खाली वाक. वाकले, तर निम्मी गेली! आणि इथे नारोपंत म्हणाले, महाराज हसल्याशिवाय कुणी हसायचं नाही. उरलीसुरली तिथेच आटली!"

"थापा!" नारोपंत ओरडले.

"तळाला एक घोट आहे अजून. अभय असेल तर ओतते."

"दिलं अभय. ओत!" महाराज म्हणाले.

ठकूने मडकं खाली ठेवलं आणि पदर खोचला.

"सराईत सांगतात, मागच्या शिकारीत महाराजांनी नेम धरला वाघावर आणि गोळी लागली झाडाला बांधलेल्या बकऱ्याला! तेव्हापासून वाघ रानभर सांगत फिरतो, 'राजा असावा तर असा! स्वतः मारतो आणि आपल्याला वाढतो!'"

सेनापतीने मिशी दातांत धरली. नारोपंतांनी विडा सगळाच्या सगळा गिळला. मानकऱ्यांचे गाल फुगले, तोंडं वांग्यासारखी जांभळी पडली. पण महाराज हसत नव्हते, मग हसणार कोण?

"बघा, महाराज," ठकू हळूच म्हणाली. "इथे हसू असं अडतं."

महाराजांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. तेवढ्यात म्हाताऱ्या चोपदाराच्या नाकातून शंख फुंकल्यासारखा आवाज निघाला! महाराजांचं पोट हललं. खांदे हलले. आणि मग ते असे हसले, असे हसले की शिरपेच नाकावर आला! धरण फुटावं तसा सगळा दरबार सुटला. सेनापती तर लोडाला मिठी मारून रडायला लागला.

ठकूने मडकं उचललं, त्या हास्याखालून दरबारभर फिरवलं, फडक्याने तोंड आवळलं आणि महाराजांच्या पुढ्यात ठेवलं.

"घ्या, महाराज! भरलं काठोकाठ! सराईतली गंमत म्हणतात ती हीच. मडकं तेवढं माझं, ते भरायचं असतं बसलेल्यांनीच!"

"मानलं तुला!" महाराज डोळे पुसत म्हणाले. "पण मला सांग, आमच्याबद्दल लोक एवढं बोलतात, मग आमच्या कारभाऱ्यांबद्दल काय बोलतात?"

ठकूने नारोपंतांकडे एकवार पाहिलं.

"त्याला मडकं नाही पुरायचं, महाराज. रांजण लागेल!"

महाराज हसता हसता गादीवरून घसरलेच! खाली बसल्या बसल्याच त्यांनी हातातलं सोन्याचं कडं काढून ठकूला दिलं आणि सराई विहिरीसकट तिला कायमची इनाम करून टाकली. सनदेवर शिक्का मारायला लावला तो मात्र नारोपंतांनाच!