दुफाट्यावरची कवटी

फार पूर्वीची गोष्ट. अमेरिकेच्या पश्चिमेला आगगाडी पोचायची होती तेव्हाची. तिकडे हवी तेवढी जमीन मिळते असं ऐकून माणसं बैलगाड्यांवर कापडाची छपरं ताणायची, भांडीकुंडी आणि पोरंबाळं आत घालायची आणि निघायची. वाट सहा महिन्यांची. एकट्यादुकट्याचं ते कामच नव्हे, म्हणून चाळीस-पन्नास गाड्यांचा तांडा करून जायची.

अशाच एका तांड्यात एक विधवा होती. नाव जेरुशा. आपण तिला जेरुशाबाई म्हणू. नवरा वाटेतच तापाने गेला. लोक म्हणाले, बाई, आता परत फिरा. ती म्हणाली, "बैल मला ओळखतात, आणि रस्ता तसा तुमच्यापैकी कुणाच्याच ओळखीचा नाही." आणि चार बैलांची गाडी एकटी हाकत राहिली. बाई मोठी खमकी.

त्या वाटेवर टपाल नव्हतं, पण माणसांनी आपली सोय केली होती. माळावर गव्यांच्या पांढऱ्याफटक कवट्या पडलेल्या असत. चाकाच्या वंगणात कोळसा खलायचा, कवटीच्या सपाट कपाळावर निरोप लिहायचा आणि ती वाटेच्या कडेला ठेवायची. "पुढे नदीला उतार आहे", "आम्ही मंगळवारी इथून गेलो", असं काहीबाही. मागून येणारा वाचायचा आणि शहाणा व्हायचा. ना ओळख ना पाळख, पण एकमेकांसाठी लिहायचे. मला तर त्या माणसांचं फार कौतुक वाटतं.

तर एकदा हा तांडा एका दुफाट्याला आला. डावीकडची वाट जवळची, उजवीकडची दोन दिवस लांबची. डोंगरात बर्फ पडायच्या आत खिंड ओलांडायची होती, नाहीतर सगळे अडकून मेलेच म्हणून समजा. म्होरक्याने जवळची वाट धरली.

दोन दिवस पाण्याचा थेंब दिसला नव्हता. दुफाट्यापासून सहाएक मैल गेल्यावर वारा समोरून आला आणि बैलांच्या नाकपुड्या फुलल्या. त्यांना पाण्याचा वास लागला होता. तहानेला बैल पाण्याचा वास घेऊन धावायला लागला की त्याला ब्रह्मदेवसुद्धा आवरू शकत नाही. गाड्या खडखडत उधळल्या आणि थेट झऱ्यावर जाऊन थांबल्या. बैलांनी पाण्यात तोंडं घातली. तेव्हा कुठे म्होरक्याला काठावरची कवटी दिसली. तिच्यावर ठळक अक्षरात लिहिलं होतं, "या पाण्यात विषारी क्षार आहेत. जनावरांना पाजू नका."

वाचून काय उपयोग? सकाळपर्यंत तांड्याचे अकरा बैल मेले. त्यातले दोन जेरुशाबाईंचे. त्या माळावरचे मूळचे लोक आपली जनावरं त्या झऱ्याच्या आसपाससुद्धा फिरकू देत नसत. पण त्यांना विचारतो कोण!

म्होरक्याने नवी कवटी घेतली, मोठाल्या अक्षरात इशारा लिहिला आणि जुनीच्या शेजारी नीट ठेवली. "झालं. मागून येणाऱ्यांची सोय झाली," तो म्हणाला.

जेरुशाबाई मेलेल्या बैलांच्या मानेवरचं जू सोडत होत्या. त्या तिथूनच म्हणाल्या, "कसली सोय? पहिली कवटी इथेच होती ना? आपल्याला काय उपयोग झाला तिचा? हे दुफाट्यावर लिहायला हवं. तिथे वास पोचत नाही. तिथे अजून वळता येतं."

"दुफाटा आठ मैल मागे राहिला, बाई."

"ठाऊक आहे. चालतच आलेय ना मी."

एकजण फिस्कारला, "आणि मागून येतंय कोण? तेच ना, होडीवाले?"

मागचा तांडा कुणाचा हे सगळ्यांना माहीत होतं. मागच्या नदीवर ते लोक दांडगाई करून आधी होडीत घुसले होते, आणि त्या ढकलाढकलीत जेरुशाबाईंची पिठाची पोती पाण्यात गेली होती. तेव्हा बाईंनीही काही कमी शिव्या घातल्या नव्हत्या.

"मरू देत त्यांचे बैल," तो माणूस म्हणाला. "तेवढीच जमीन आपल्या वाट्याला येईल."

खरं सांगायचं तर क्षणभर जेरुशाबाईंनाही ते गोड वाटलं. माणूसच ती. पण लगेच त्यांना स्वतःचीच शरम वाटली. नदीवर त्या लोकांची लेकरं घाबरून रडत होती, ते त्यांनी पाहिलं होतं. बैल मेले तर ती लेकरं या माळावर काय करणार?

त्यांनी एक कवटी आणि कोळशाचा तुकडा उचलला. म्होरक्या जवळ आला आणि हलक्या आवाजात म्हणाला, "बाई, ऊन कललं की मला निघावंच लागेल. चाळीस घरं माझ्या जिवावर आहेत. तुमच्यासाठी थांबता येणार नाही."

"थांबू नका," त्या म्हणाल्या. "मी तुमच्या जागी असते तर मीही थांबले नसते."

म्होरक्या काही वाईट माणूस नव्हता. त्याने आपल्यातलं पाण्याचं एक पिंप आणि वाळलेल्या मांसाची पिशवी बाईंच्या गाडीपाशी ठेवली आणि त्यांच्या दोन बैलांना स्वतः पाणी पाजलं. याहून जास्त त्याला काही करता येत नव्हतं.

बाई चालू लागल्या. जाऊन-येऊन सोळा मैल, म्हणजे परत येईपर्यंत तांडा गेलेला असणार हे पक्कं. मग त्या माळावर एकटी बाई, दोन थकलेले बैल आणि डोंगरावर येऊ घातलेलं बर्फ. त्यांना भीती वाटत होती. खूप वाटत होती. पण पाय थांबले नाहीत.

दुफाट्याला पोचल्या तेव्हा समोर धूळ दिसत होती. त्यांनी दगडांचा ढीग रचला, त्यावर कवटी ठेवली आणि लिहून होतंय न होतंय तोच मागच्या तांड्याचा म्होरक्या घोड्यावरून पुढे आला. लाल दाढीवाला, होडीत सगळ्यात आधी घुसलेला तो हाच. त्याने कवटी वाचली आणि हसला.

"छान युक्ती आहे, बाई. आम्हाला लांबच्या वाटेला लावायचं आणि जमीन आधी तुम्ही गाठायची."

जेरुशाबाई मटकन दगडावर बसल्या. भांडायला अंगात जीवच नव्हता. "माझी गाडी त्या झऱ्यावर आहे," त्या म्हणाल्या. "माझा तांडा एव्हाना निघून गेला असेल. थाप मारायला कुणी आठ मैल उलटं चालत येतं का?"

लाल दाढीवाल्याने बाईंच्या फाटलेल्या जोड्यांकडे पाहिलं, मग त्या आल्या त्या वाटेकडे पाहिलं. धुळीत एकटीच्या पावलांची रांग उमटली होती.

"तुमची पोती आमच्यामुळे बुडाली," तो म्हणाला. "आणि तरी तुम्ही आलात?"

"पोत्यांचं नंतर बघू," बाई म्हणाल्या. "आधी बैल वळवा. वारा जोराचा सुटला तर इथवरसुद्धा वास येईल, मग तुमच्याने काही होणार नाही."

त्याने वळून हाक दिली. बावन्न गाड्या एकामागून एक उजव्या वाटेला लागल्या. गाड्यांमधून पोरं डोकावत होती आणि हात हलवत होती. बाईंचे डोळे भरून आले.

मग लाल दाढीवाल्याने आपल्या सगळ्यात तगड्या बैलांची जोडी सोडली. पिंपातलं पाणी त्यांना पोट तुडुंब होईपर्यंत पाजलं, म्हणजे झऱ्याचा वास आला तरी ते उधळणार नाहीत. "चला, बाई," तो म्हणाला, "तुमची गाडी घेऊन येऊ. खिंड आमच्याबरोबर ओलांडा. जोडी परत द्यायची नाही बरं का."

निघता निघता तो थबकला. घोड्यावरून उतरला आणि बाईंकडे कोळशाचा तुकडा मागितला.

"आता काय?" बाईंनी विचारलं. "उशीर होतोय."

"आमच्या मागून नॉर्वेकडच्या लोकांचा तांडा येतोय," तो गुडघे टेकत म्हणाला. "त्यांना आपली भाषा वाचता यायची नाही. मला त्यांची लिहिता येत नाही. पण पाय वर करून पडलेला बैल तर काढता येतो."

आणि होडीत सगळ्यांच्या आधी घुसलेला तो माणूस, आपला तांडा पुढे जाऊ देऊन, जीभ दाताखाली धरून, कवटीवर बैलाचे चार पाय काढत बसला.

तात्पर्य: धोक्याची पाटी धोक्याच्या काठावर लावून भागत नाही, जिथून माणसाला अजून वळता येतं तिथे ती लावावी लागते, आणि त्यासाठी आधी कुणाला तरी उलटं चालत जावं लागतं.