शेवकोंड, मोरवेळ आणि मधलं पाणी

"मग पटलं ना, बुवा? ही खोबण शेवकोंडचीच?"

सोनगिरीबुवा होडी वल्हवत होते. प्रश्न समोर बसलेल्या नरहरचा होता.

शिमग्याचे दिवस. काळ्या कातळाची दोन टोकं समुद्रात घुसलेली, त्यांच्यामध्ये कोयतीच्या पात्यासारखी वाकलेली वाळू आणि आत निवांत पाणी. तीच ती खोबण. दक्षिणेला शेवकोंड, उत्तरेला मोरवेळ.

दुसऱ्या दिवशी दोन्ही गावांच्या पालख्या त्या वाळूत उतरायच्या होत्या. आधी कोणाची, यावरून गेल्या शिमग्यात काठ्या निघाल्या होत्या. तेव्हापासून दोन्ही गावांत बोलणं बंद. मोरवेळच्या लेकी शेवकोंडला दिलेल्या. त्यांचं माहेर समोर दिसायचं, पण जाता येत नव्हतं.

नरहर खोत शेवकोंडच्या शाळेत मास्तर होता आणि बुवांचा लाडका शिष्य. खोबणीचा इतिहास त्याने धुंडाळला होता, आणि तो पालख्यांआधी सकाळी भरणाऱ्या दोन्ही गावांच्या सभेत सांगून निकाल लावायचा असं त्याने ठरवलं होतं.

"तुम्ही फक्त माझ्या शेजारी उभे राहा," तो म्हणाला. "तुमच्यापुढे मोरवेळ बोलणार नाही."

"पुन्हा सांग पाहू."

"गोड्या पाण्याचा ओढा आमच्या बाजूने उतरतो. त्या पाण्यासाठीच गलबतं इथे थांबायची. जुनी जकातचौकीसुद्धा आमच्याच टोकावर."

"आणि मोरवेळला काय?"

"नुसता डोंगर."

"तो काय करतो?"

"काय करणार? उत्तरेचा वारा अडवतो."

"हं…"

होडी मध्यावर आली. बुवांनी वल्ही आत घेतली. उठून उभे राहिले.

आणि पाण्यात गेले.

उडी मारली की तोल गेला, नरहरला कळलंच नाही. पाण्यावर थोडे बुडबुडे आले. मग तेही थांबले.

नरहरला पोहता येत नव्हतं. वल्हं कधी हातात धरलं नव्हतं. आणि बुवा तर देशावरचे. गुडघ्यापलीकडे पाण्यात गेलेले त्याने कधी पाहिले नव्हते.

"शेवकोंडकरांनो!" तो ओरडला. "धावा! बुवा बुडाले!"

मग तो वळला. क्षणभर जीभ अडली.

"मोरवेळकरांनो! अहो, धावा!"

मग त्याला रडूच फुटलं. कुठे तोंड करून ओरडतोय याचंही भान राहिलं नाही.

"कोणीतरी या रे… कोणीतरी या!"

दोन्ही काठांवरून होड्या सुटल्या. मोरवेळकडून बारकू तांडेल जीव खाऊन वल्हं मारत आला. शेवकोंडकडून आली त्याची बहीण दुर्गा, पदर खोचून. दोन्ही होड्या एकदमच पोचल्या आणि एकमेकींवर धाडकन आदळल्या; उडालेल्या पाण्याने वल्हवणारी दोघंही चिंब झाली.

"दुर्गे?"

"दादा!"

दोघं बघतच राहिली. वर्षभरात दोघांनी एकमेकांना इतक्या जवळून पाहिलं नव्हतं.

"अरे, बुवा कुठे?" नरहर किंचाळला.

बुवा होडीच्या पलीकडे पाण्यावर उताणे पडले होते. डोळे मिटलेले, दाढी पाण्यावर पसरलेली.

"पाणी काय सुरेख आहे रे…" ते म्हणाले.

दोन्ही होड्या त्यांच्याजवळ सरकल्या.

"तुम्हाला पोहता येतं?" बारकूने विचारलं.

"कृष्णाकाठचा आहे मी. येत नाही असं कधी म्हणालो?"

"मेल्या, माझा जीव गेला असता ना!" दुर्गा कडाडली. आणि आपण कोणाला 'मेल्या' म्हणालो हे ध्यानात येताच तिने तोंडावर हात ठेवला.

बुवाच आधी हसले. मग बारकू. मग दुर्गाला असं हसू सुटलं की तिला होडीची कड धरून बसावं लागलं. हसता हसता ती रडायला लागली.

"आई कशी आहे?" तिने विचारलं.

"तुझी वाट बघते. चल आत्ताच."

"अशीच? ओली?"

"अशीच चल."

तोवर दोन्ही गावं वाळूत जमली होती. बुवा हसत होडीतून उतरलेले दिसले आणि कोणीतरी ढोलावर टिपरी मारली. दुसऱ्या गावच्या ढोलाने साथ दिली. पालख्यांना अजून एक दिवस होता, पण नाच थांबेना. मोरवेळच्या एका म्हाताऱ्याने नरहरला हात धरून ओढलं, आणि मास्तर, आयुष्यात कधी न नाचलेले, चपला हातात घेऊन नाचले.

बऱ्याच वेळाने तो धापा टाकत बुवांजवळ येऊन बसला. चेहरा फुललेला होता. तरी त्याला राहवेना.

"पण बुवा… उद्या सभेत मला विचारतीलच. खोबण कोणाची?"

बुवा दाढी पिळत होते.

"शेवटची हाक मारलीस, तेव्हा कोणाची होती?"