कापलेला तुकडा

“तिचीच का, उस्ताद?”

बासिलने चौथ्यांदा विचारलं. म्हातारे अदनान केबल गुंडाळत बसले होते. पॅलेस्टिनी निर्वासितांच्या त्या छावणीत तरुण पोरापोरींना ते फिल्म करायला शिकवायचे. गुरुवारी शाळेच्या भिंतीवर सगळ्यांसमोर एकच फिल्म दाखवायची होती, आणि त्यांनी रुबाची निवडली होती.

बासिल आणि रुबा, दोघांनी एकाच बाईवर फिल्म केली होती. रोट्या भाजून विकणारी, सगळ्या गल्लीची मावशी, खाला नजीबा.

“रुबाच्या फिल्ममध्ये आहे काय? खाला कणीक मळते. टाकीचं झाकण शोधते. शेजारणीशी भांडते. बस्स.”

“हं.”

“माझ्या फिल्ममध्ये ती रडते. सुटलेल्या गावातल्या घराची किल्ली छातीशी धरून रडते. बघणाऱ्याच्या पोटात कालवतं.”

“कालवतं खरं...”

निवड कळून तीन दिवस झाले होते. रुबा गल्लीतून हसत गेली, की बासिलला वाटे, आपल्यालाच हसली. कॅमेरा कसा धरायचा हेसुद्धा तिला त्यानेच शिकवलं होतं.

उस्तादांनी लॅपटॉप त्याच्याकडे वळवला. “हे रुबाने टिपलेलं. बघ.”

खालाचं दार. भट्टीचा धूर. कडेला पाठमोरा एक तरुण. तो खिशातून किल्ली काढतो, खालाच्या हातात देतो.

“घट्ट धरा, खाला. आता रडा. नाही... डोळे पुसू नका. पुन्हा एकदा.”

“रोटी करपतेय रे. लवकर आटप,” खाला म्हणते. डोक्यावरचा रुमाल सारखा करते, आणि रडू लागते.

बासिलला स्वतःचा आवाज ओळखू आला. किल्ली त्याच्याच खोलीच्या कुलपाची होती.

“म्हणजे गुरुवारी... सगळ्या छावणीसमोर ती माझी...”

“हा तुकडा फिल्ममध्ये नाही. तिने कापला.”

 खरं तर बासिलला हायसं वाटायला हवं होतं. पण आत मघापेक्षा जास्तच जळू लागलं. तिने टर उडवली असती, तर निदान तिचा मनसोक्त राग तरी करता आला असता.

“का कापला?”

“मीही तेच विचारलं तिला...”

उस्तादांनी लॅपटॉप मिटला.

“म्हणाली, बासिल आमच्याच गल्लीतला आहे.”