मोरदाराला दारं का नाहीत

उत्तर कोकणात खाडीच्या काठाला खारकोट नावाचं गाव आहे. गावाच्या तोंडाशी फिरंग्यांच्या, म्हणजे पोर्तुगीजांच्या, काळातल्या कोटाची एक कमान उभी आहे, तिला मोरदार म्हणतात. दार आपलं नावापुरतं. दोन्ही अंगांना बिजागऱ्या बसवायच्या खाचा आहेत, अडसराचं भोक आहे, पण दारं नाहीत. बाकीची भिंत अजून जागची हललेली नाही; या खाचांभोवतीचा चुना मात्र बोट लावलं की पिठासारखा गळतो. शहरातून सहलीला आलेली मंडळी कमानीखाली फोटो काढतात आणि मोर कुठे दिसतील म्हणून विचारतात. विचारणारच. कोणा शहाण्याने तिथे पाटीच लावून ठेवली आहे, 'पूर्वी येथे मोर नाचत असत.'

ती पाटी दिसली की बस्त्यावकाका तुस्कानांचं डोकं फिरतं. काका पंचाहत्तरीला आलेले, हाडाचे सुतार. आलेल्यागेलेल्याला कोट दाखवायचं काम त्यांनी आपणहून अंगावर घेतलंय. "मोर कसले नाचतात डोंबलाचे!" ते पाहुण्यांवरच खेकसतात. "या खाऱ्या जमिनीवर मोर आला तर तहानेनं मरेल. मोरादोर होता तो शब्द. फिरंग्यांचा. ऐकायचा असला तर उन्हातून इकडे या, नाहीतर काढा फोटो आणि चला."

जे सावलीत येऊन बसतात त्यांना काका मग सगळं सांगतात, आणि सांगताना त्यांचा पारा काही उतरत नाही.

मोरादोर म्हणजे राहणारा. मोरार म्हणजे राहणं, त्यावरून मोरादोर. सरळ साधा शब्द. पण शब्दाचा अर्थ एक असतो आणि वापरणाऱ्याच्या पोटात दुसराच असतो. या कोटात मोरादोर म्हणजे नुसता राहणारा नव्हे. भिंतीच्या आत ज्याचं कौलारू घर, तोच मोरादोर. गोड्या पाण्याच्या विहिरीवर पहिला हक्क त्याचा, देवळात, म्हणजे त्यांच्या चर्चमध्ये, पुढची जागा त्याची, आणि समुद्रावरून लुटारू आले तर कोटात आसराही त्यालाच. फिरंग्यांनी इथल्या माणसांना घमेलं हा शब्द दिला, पगार दिला, चावी दिली, बिजागरी दिली. राबायला लागणारे शब्द त्यांनी सढळ हाताने वाटले. हा एवढा एक शब्द मात्र मुठीत धरून ठेवला.

भिंतीच्या बाहेर, खंदकापलीकडे चुनाऱ्यांची वाडी होती. खाडीतले शिंपले गोळा करायचे, भट्टीत भाजायचे, त्याचा चुना करायचा, हे त्यांचं काम. कोटाचा एकेक चिरा त्यांच्या चुन्याने बसलेला. चांगाय ही त्यांच्यातलीच. भट्टीच्या धुराने तिचे डोळे कायम लाल असायचे आणि चुन्याने हाताची कातडी सोललेली असायची. तिचा नवरा गोमा याच कमानीच्या कामावर होता. भिंतीच्या दोन्ही बाजू चिऱ्यांच्या रचून मधल्या पोकळीत दगडगोटे आणि चुना भरत होते, तेव्हा परांची मोडली आणि गोमा त्या पोकळीत गेला. वरून भराव कोसळला. चांगाय धावत आली, तर कोटाचा कपितान म्हणाला म्हणे, भिंत उकलायची तर पावसाळ्याच्या आत काम पुरं होणार नाही. आणि त्याने वरून चुना ओतायला लावला.

असं सांगतात की तो चुनासुद्धा चांगायच्याच भट्टीतला होता. दुसऱ्या दिवशी तिला पुन्हा भट्टी पेटवायला बोलावलं. ती गेली. न जाऊन सांगते कोणाला? पण त्या दिवसापासून कमानीजवळून जाताना ती भिंतीवर हात ठेवायची आणि दिवसभरात काय काय झालं ते नवऱ्याला सांगायची. पहारेकरी तिला वेडी म्हणायचे.

पुढे काही वर्षांनी, माघात, समुद्रावर लुटारूंची गलबतं दिसली. कोटातली घंटा वाजू लागली. लुटारूंचा रिवाज सगळ्या किनाऱ्याला ठाऊक होता. म्हातारी माणसं कापायची, तरणी धरून न्यायची, वाडीला आग लावायची. चांगायची लेक हौशी बाळंतपणाला माहेरी आली होती आणि नेमक्या त्याच सकाळी तिच्या पोटात कळा सुरू झाल्या. पळून जायला रान लांब. कोट समोर. लेकीला त्या भिंतीच्या आत न्यायचं, दुसरं काही चांगायला सुचतच नव्हतं.

कोटात इनास नावाचा दुभाषी होता. मुलखातलाच, बाटून आत राहायला गेलेला. त्याला राहवेना. तो मागच्या बाजूने वाडीत आला आणि म्हणाला, "दरवाज्यावरचा नाईक नवा आहे, गोव्याहून आलाय. कोणाचा चेहरा ओळखत नाही. तो विचारेल, कोण? नुसतं म्हणायचं, 'मोरु आकी.' मी इथं राहते. एवढं म्हटलंत की आत."

चुनाऱ्यांनी ते दोन शब्द पाठ केले. हौशीला डोलीत घातली आणि सगळी वाडी चालू लागली. वाटेत म्हातारीकोतारी पुटपुटत होती, मोरु आकी, मोरु आकी.

आणि इथेच घात झाला. काका इथे हटकून थांबतात आणि ऐकणाऱ्यांकडे रागाने बघतात, जणू चूक त्यांच्याच हातून झाली आहे. चुनाऱ्यांनी फिरंगी भाषा जन्मभर ऐकली होती, पण हळू बोललेली कधीच ऐकली नव्हती. त्यांच्याशी फिरंगी बोलायचा तो ओरडूनच. उचल, चल, हो बाजूला. ही भाषा दरडावूनच बोलायची असते, अशी बिचाऱ्यांची समजूत झाली होती. दरवाज्यात नाईकाने विचारलं, कोण? चांगाय सगळ्यांच्या पुढे होती. तिने छाती भरून घेतली आणि सगळा जोर लावून सांगितलं, "मोर्रु आकी!"

नाईक आधी चमकला आणि मग पोट धरून हसायला लागला. त्याने मागच्याला विचारलं, त्याच्या मागच्याला विचारलं. सगळे तसेच. "मोर्रु आकी! मोर्रु आकी!" हसण्याचा आवाज ऐकून कपितान खाली आला. त्याला तर तमाशाच झाला. गलबतं खाडीच्या तोंडाशी आलेली, बाई डोलीत कण्हतेय, आणि हा त्यांना म्हणतो, पुन्हा म्हणा.

"आमचं काय चुकलं रं इनास?" चांगायने विचारलं.

इनासला मान वर करवेना. "काकी, एक र जास्त झाला. मोरु म्हणजे राहते. मोर्रु म्हणजे मरते. तुम्ही सगळे म्हणताय, मी इथं मरतो."

 चांगायला मग जो संताप चढला तो असा म्हणे की पहारेकरी दोन पावलं मागे सरले. ती इनासला म्हणाली, "मंग बरोबरच बोलले मी. सांग त्याला. मानूस जितं मरतो तितलाच असतो. नाय तं कुटला?"

इनासने सांगितलं. कपितानाने खांदे उडवले. म्हणाला, भिंतीच्या आत ज्याचं घर तो मोरादोर. कायदा आहे. यांचं भिंतीच्या आत कोण आहे?

हे ऐकून चांगायने कमानीच्या बाजूच्या चिऱ्यांवर हाताचा पंजा आपटला. "माजा घोव हाय! या भिंतीच्या आत हाय. तू बाहेर काडू दिला नाय त्याला. तुज्या घराला पावसात गळती लागते, तू उद्या गलबतात बसून तुज्या देशाला जाशील, पन माजा गोमा हितून हलनार नाय. सांग त्याला इनास, सगल्या कोटात खरा मोरादोर एकच हाय, आनि मी त्याची बायको हाय!"

इनासने शब्दन् शब्द सांगितला.  कपितानाचं हसू मावळलं.  दरवाजा लावा, म्हणाला.

शिपाई आतून दार लोटू लागले. चांगाय उंबऱ्यावर आडवी झाली. दाराची फळी तिच्या कुशीला लागली तरी ती हलेना. तिने हात लांब करून बिजागरीखालच्या चिऱ्याला लावला आणि रोज बोलायची तशीच नवऱ्याशी बोलली. "गोमा, पोरीला आत घ्यायची हाय. मी पेटवली भट्टी, माज्या हातचा चुना हाय. त्याला सांग, सोड म्हनावं."

आणि चुन्याने सोडलं, असं सांगतात. शेकडो पावसाळे धरून ठेवेल असा तो चुना भुसभुशीत होऊन गळायला लागला. बिजागऱ्या खाचेतून निखळल्या. दोन्ही दारं, लोखंडी खिळ्यांची, हत्तीलाही न हलणारी, खाली आली. चांगाय त्यांच्याखाली होती.

दार उचलायला वेळ नव्हता. वाडीची माणसं त्या पडलेल्या दारावरूनच आत गेली. हौशीची डोलीही त्यावरूनच न्यावी लागली. खाली कोण आहे ते तिला तेव्हा कोणी सांगितलं नाही.

आता दरवाजा उघडा आणि लुटारू धक्क्याला. मघाशी हसणाऱ्या कपितानाची बोबडी वळली. तो चुनाऱ्यांपुढे हात जोडायला लागला. त्यांनी त्याच्या तोंडाकडे पाहिलंही नाही. पण आत देवळाच्या ओसरीवर हौशी कण्हत होती आणि तो आवाज सगळ्यांना ऐकू येत होता. तेवढ्यासाठी ते माघारी फिरले. कोटाच्या डागडुजीसाठी कळीचा चुना रचून ठेवलेला होता. घमेली भरून भरून बायाबापड्या कमानीवर चढल्या आणि लुटारू खाली अरुंद जागेत शिरले तसा तो चुना त्यांच्या डोळ्यांत ओतला. न विझलेला चुना डोळ्यांत गेला की काय होतं ते चुनाऱ्यांइतकं कोणाला ठाऊक असणार! लुटारू एकमेकांना तुडवत पाण्याकडे पळाले. खारकोट वाचलं ते असं. फिरंग्यांच्या तोफा त्या दिवशी बुरजावर नुसत्या शोभेला होत्या.

संध्याकाळी कपितान ओसरीवर आला. हौशीच्या मांडीवर मुलगी होती आणि चांगायचं प्रेत समोर ठेवलेलं होतं. कपितान टोपी काढून म्हणाला, आजपासून तुम्ही सगळे मोरादोर. तुम्हाला आत घरं देतो. आता नीट म्हणा, मोरु आकी.

हौशी बाळंतीण होती, अंगात बोलायचं त्राण नव्हतं. तरी ती बोलली. "मना शिकवू नको. त्या एका र साटी माजी आय मेली. तो मी सोडनार नाय." आणि लेकीला छातीशी धरून ती तशीच उठली आणि वाडीवर निघून गेली. घरं द्यायला निघालेला कपितान तिथेच उभा राहिला. आधी दिली असती तर! पण मेल्याशिवाय माणूस मोजायचा नाही, ही काही एकट्या फिरंग्यांची रीत नाही, असं काका इथे म्हणतात आणि पाहुण्यांपैकी कोणी ना कोणी खाली बघतं.

चांगायला कमानीच्या आतल्या अंगाला, जिथे गोमा आहे त्या भिंतीच्या पायाशी पुरलं. कपितानाने नवी दारं करवली. चुना काही धरेना. पुढे आलेल्या किल्लेदारांनी शिसं ओतून पाहिलं, गूळ आणि बेलफळ घालून चुना मळून पाहिला. बिजागऱ्या निखळायच्या त्या निखळायच्याच. शेवटी नाद सोडला. मोरादोरांचा दरवाजा म्हणता म्हणता लोक मोरदार म्हणायला लागले, आणि शब्द माहीत नसलेल्यांनी त्यात मोर घुसवले.

मात्र खारकोटची एक रीत मुलखावेगळी आहे. सगळीकडे मयत गावाबाहेर नेतात. इथे आधी आत आणतात. मेलेला कुठल्याही धर्माचा असो, कुठल्याही आळीचा असो, त्याला या कमानीतून आत आणायचं, उंबऱ्यावर क्षणभर टेकवायचं, आणि मग स्मशानात नाहीतर दफनभूमीत न्यायचं. उंबऱ्यावर वाडीतली सगळ्यात थोरली बाई उभी असते. ती विचारते, "कोन आयला?" आणि सगळ्यांनी एका आवाजात उत्तर द्यायचं.

गेल्या वर्षी सुकदेव मुंडा नावाचा खलाशी तापाने गेला. झारखंडातून होडीवर कामाला आलेला, बंदरावर भाड्याच्या खोलीत राहणारा. त्याच्या गावी निरोप गेला, पण इतक्या लांबून कोणी वेळेत पोचणार नव्हतं. गावातल्या काही शहाण्यांनी कुजबुज केली की हा काही इथला नव्हे, याला परस्पर नेलेलं बरं. बस्त्यावकाकांनी त्यांना अशा शब्दांत झाडलं की ते शब्द इथे लिहिता येत नाहीत. मग काकांनी स्वतः तिरडीला खांदा दिला. उंबऱ्यावर पार्वतीआय उभी होती, वाडीतली सगळ्यात म्हातारी. तिने विचारलं, "कोन आयला?"

आजही हे उत्तर कोणी हळू देत नाही. मघाचे कुजबुजणारेसुद्धा, नातवंडांना हाताशी धरून आलेल्या बायाही, आणि एवढे दोनच फिरंगी शब्द शिकलेले सुकदेवचे जोडीदार खलाशी, सगळे त्या र वर जेवढा जोर देता येईल तेवढा देऊन ओरडले, "मोर्रु आकी!" पार्वतीआय बाजूला सरली आणि सुकदेव आत गेला.