तुरुंगाच्या दारात वऱ्हाड

सगुणाचं लग्न चार दिवसांवर आलं आणि कन्यादान करणारा बाप तुरुंगात!

बाप म्हणजे रखमाजी तांबट. राजाच्या हत्तीची घंटा बद्द वाजते, अशी तक्रार आली तेव्हा तो म्हणाला होता, "घंटा बरोबर आहे, हत्तीच फेंगडा चालतो." हत्ती राजाचा लाडका. रखमाजीला दोन वर्षांची कैद झाली.

सगुणाला आई नव्हती. आबांनी एकट्यानं वाढवलेली पोर ती; दुसऱ्या कुणी कन्यादान केलेलं तिला नको होतं. ती थेट दरबारात गेली. "महाराज, आबांना चार दिवसांची रजा द्या."

माणकोजीराजे हट्टी, पण नियमाला पक्के. राज्यात कैद्यांच्या रजेचा नियमसुद्धा होता. प्रधानाने तो वाचून दाखवला: "पूर्वी रजेवर जाऊन जो वेळेवर परत आला असेल, त्यालाच रजा मिळेल."

"मग पहिली रजा कुणाला मिळते?" सगुणाने विचारलं.

"अजून कुणाला मिळालेली नाही," प्रधान म्हणाला. "म्हणून तर नियम कधी मोडला गेला नाही."

राजाने मिशीवर हात फिरवला. "पोरी, तुझ्या बापाला कमी काय आहे? माझं अन्न खातो, माझ्या छपराखाली झोपतो. आता तुरुंग हेच त्याचं घर. उंबऱ्याबाहेर पाऊल न टाकता कन्यादान करता येत असेल, तर खुशाल करू दे."

दरबार खो खो हसला. सगुणाने मात्र हात जोडले. "महाराजांचा शब्द आहे ना?"

"आहे."

लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळी तुरुंगाचा दरोगा धापा टाकत राजवाड्यावर आला. "महाराज, नव्वद माणसं तुरुंगात घुसू बघताहेत!"

"घुसू?" राजा चक्रावला. त्याच्या कारकिर्दीत तुरुंगाच्या दाराशी सगळी झटापट बाहेर पडण्यासाठीच झाली होती.

जाऊन बघतो तर सनई-चौघडा वाजतोय, दाराला आंब्याचे डहाळे बांधलेत, गजांमागून कैदी वऱ्हाडाला रामराम घालताहेत. आणि ऐन दारात पाट टाकून, पाय पसरून नवऱ्या मुलाची आई फुगून बसलेली.

"हा काय प्रकार आहे?" राजा गरजला.

"वधूपित्याच्या घरी लग्न करतेय, महाराज. घर तुम्हीच दाखवलंत," सगुणा म्हणाली. "पण विहीणबाई रुसल्या आहेत. घरच्या यजमानानं पाय धुतल्याशिवाय त्या आत येणार नाहीत."

"मग रखमाजीला सांग की धुवायला."

"आबा इथं आश्रित. घर तुमचं, अन्न तुमचं, तेव्हा यजमानही तुम्हीच."

राजाने विहीणबाईंच्या पायांकडे बघितलं. बारा कोसांची धूळ होती त्यांवर.

"नुसतं बघताय काय?" विहीणबाई कडाडल्या. "पाणी कोमट हवं. आणि चार दिवस जेवणात साजूक तूप. मघाशी इथल्या भाकरीत खडा लागला मला. हे काय घर आहे?"

राजाच्या कपाळाला घाम फुटला. तो सगुणाला बाजूला घेऊन हळूच म्हणाला, "बापाला घेऊन जा. चार दिवस. ह्यांनाही ने. आत्ताच्या आत्ता."

"पण महाराज," प्रधान कुजबुजला, "तो परत येईल याला जामीन कोण?"

"विहीणबाई," सगुणा म्हणाली.

"त्या कशा?"

"चार दिवस वऱ्हाड आमच्याच घरी उतरणार. पाचव्या दिवशी उजाडायच्या आत आबा आपल्या पायांनी पळत तुरुंगात येतात की नाही, ते बघा!"

राजा इतका हसला की त्याच्या डोक्यावरचा मंदिल घसरला. त्याने प्रधानाच्या हातातला नियम घेऊन टराटरा फाडला. "यापुढे मुलीच्या लग्नाला प्रत्येक कैद्याला रजा. आणि रखमाजीनं परत यायचं कारण नाही, त्याची उरलेली शिक्षा माफ. एका गुन्ह्याला दोन शिक्षा आमच्या राज्यात देत नाहीत."